अवमान याचिकेआधी पिशवीत काय काय हवं

सरकारी खात्याविरुद्ध खटला जिंकलात तरी खातं आदेश पाळेलच असं नाही, आणि नाही पाळला तर त्याच न्यायालयात अवमान याचिका करावी लागते. तिची तयारी निकालाच्या दिवसापासून. निकाल लागला की पेढ्यांच्या आधी न्यायालयाचा नक्कल विभाग गाठा. प्रमाणित प्रतीचा अर्ज त्याच दिवशी टाका. प्रत हातात आली की एकच ओळ शोधा : मुदत कधीपासून मोजायची? पुष्कळ आदेशांत 'प्रत मिळाल्यापासून तीन महिन्यांत' असं लिहिलेलं असतं. म्हणजे तुम्ही प्रत पोचती करेपर्यंत तीन महिने सुरूच होत नाहीत. ती स्वतः नेऊन त्या खात्याच्या बारनिशीत, म्हणजे टपाल आवक होतं तिथे, द्या आणि आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांक घ्या. वडिलांच्या पेन्शनच्या फरकाच्या वेळी आम्ही साहेबांच्या केबिनमध्ये चहा पिऊन आलो, शिक्का राहिलाच. त्यात चार महिने गेले.

मुदत संपेल ती तारीख कॅलेंडरवर लाल शाईने लिहा, कारण न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० प्रमाणे तिथून एकच वर्ष मिळतं. 'फाईल वित्त विभागात आहे' हे वाक्य ऐकण्यात ते सहज निघून जातं. स्मरणपत्रं पाठवत राहिल्याने वाढत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये पल्लव शेठ प्रकरणात एवढा दिलासा दिला, की याचिका त्या वर्षात दाखल झालेली असली तर पुरे, न्यायालयाची कारवाई पुढे सुरू झाली तरी चालेल.

मग नावं. हुकूम मोडल्याचा ठपका माणसावर येतो, म्हणून मुदत संपली तेव्हा त्या खुर्चीवर कोण होतं आणि बदली कधी झाली, हे माहितीच्या अधिकारात विचारून ठेवा. उत्तराला तीस दिवस धरा. खुर्ची मोठी म्हणून बिचकू नका : सॉ मिलच्या परवान्यांवरून २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राचे तेव्हाचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एक-एक महिन्याची कैद सुनावली होती.

समोरच्यांनी अपील केलंय का, स्थगिती मिळालीय का, तेही न्यायालयाच्या संकेतस्थळावर पाहून छापून घ्या. नुसतं अपील म्हणजे स्थगिती नव्हे. आणि मूळ आदेशात जे नाही ते अवमानात मागू नका, मिळत नाही.

उशीर जाणूनबुजून झाला, हे दाखवायचं ओझं तुमच्यावर. तिथे शिक्क्यांची चळतच बोलते. शिक्षा कायद्यात सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही, पण बहुतेक वेळा माफीनामा येतो आणि त्याच्या आदल्या दिवशी पैसे. तेव्हा वकिलांना 'मिळाले' सांगण्याआधी हिशेबाचा तक्ता मागून घ्या. आमच्या तक्त्यात व्याजाचा रकाना कोरा होता, आणि याचिका तोवर निकाली निघाली होती.