बंदुकीचा नंबर आजच लिहून ठेवा
अमेरिकेत बंदूक घेतलीत तर घरी नेल्याबरोबर तिची कुंडली कागदावर उतरवा: कंपनी, मॉडेल, कॅलिबर (नळीच्या आतल्या व्यासाचं माप), सिरियल नंबर. मी बंदुकांच्या दुकानात काउंटर सांभाळते. चोरी झाली की लोक धावत येतात, आणि नंबर विचारला की गप्प होतात. फार वाईट वाटतं.

नंबर फ्रेमवर किंवा रिसीव्हरवर, म्हणजे बंदुकीच्या मुख्य सांगाड्यावर, कोरलेला असतो. आधी बंदूक रिकामी आहे याची खात्री करा, मग उजेडात तिरपी धरून वाचा. शून्य की ओ, एक की आय, नीट बघा. फोटो काढा, पण बंदुकीच्याच पेटीत ठेवू नका.

सरकारकडे सगळ्या मालकांची यादी असते, हा गैरसमज सोडा; 1986 च्या कायद्याने तशी केंद्रीय नोंदणी करायला मनाई आहे. एखाद्या बंदुकीचा मालक शोधायचा असला की पोलिसांची विनंती वेस्ट व्हर्जिनियातल्या मार्टिन्सबर्गच्या ट्रेसिंग सेंटरला, म्हणजे बंदुकांचा माग काढणाऱ्या सरकारी केंद्राला, जाते. तिथून नंबरावरून क्रमाने विचारणा होते: उत्पादक, घाऊक व्यापारी, मग आमच्यासारखं दुकान. आम्हाला 24 तासांत 4473 फॉर्म (बंदूक घेताना गिऱ्हाईक दुकानात भरतं तो) काढून पहिलं गिऱ्हाईक कोण ते सांगावं लागतं. पुढे ती खासगीत विकली गेली असेल, तर माग बहुतेकदा तिथेच अडतो. म्हणून विकताना पावती कराच.

चोरी झाली तर थेट स्थानिक पोलिसांकडे जा. नंबर असेल तरच ते तो चोरीच्या बंदुकांच्या राष्ट्रीय नोंदीत टाकू शकतात.