गावाच्या विहिरींचा अभ्यास: मोजणीच्या टेपपासून ग्रामसभेपर्यंत

पर्यावरणाचा अभ्यास करू इच्छिणाऱ्या नवख्या माणसाचा पहिला प्रश्न बहुधा फार मोठा असतो. ‘आमच्या भागातील भूजल कमी होत आहे का?’ हा प्रश्न खरा असला तरी त्याचे उत्तर कोणी वापरायचे, हे त्यात ठरलेले नाही. त्याऐवजी ‘गावठाणाच्या विहिरीला मे महिन्यात पाणी राहावे यासाठी यंदा रब्बीत किती क्षेत्र ओलिताखाली घ्यावे?’ असे विचारले, तर कोणत्या विहिरी मोजायच्या, कधी मोजायच्या आणि निष्कर्ष कोणासमोर ठेवायचे, हे सारे त्या प्रश्नातूनच निघते. संशोधन आधी पूर्ण करावे आणि लोकांना कसे सांगायचे ते नंतर पाहावे, ही वाटणी मला चुकीची वाटते, कारण ऐकणारा शेतकरी कोणत्या मापात विचार करतो हे पहिल्याच दिवशी ठाऊक नसेल, तर वर्षभर नोंदवलेले आकडे त्याच्या उपयोगाचे राहत नाहीत.

मोजणीला हात घालण्यापूर्वी गावाखालचा खडक समजून घ्यावा. महाराष्ट्राचा सुमारे चार पंचमांश भाग बेसाल्टने व्यापलेला आहे, आणि हा खडक थरांनी बनलेला आहे. वर माती आणि मुरूम, खाली कुठे भोके असलेला मांजऱ्या, कुठे घट्ट काळा पाषाण, तर मध्येच लाल गेरूचा पट्टा, अशी त्याची रचना असते. पाणी मुरमात, मांजऱ्यात आणि काळ्या पाषाणाच्या भेगांत साठते, घट्ट पाषाणात जवळजवळ नाही. म्हणूनच २०० मीटर अंतरावरच्या दोन विहिरींपैकी एक बारमाही असते आणि दुसरी फेब्रुवारीतच तळ दाखवते. एकाच विहिरीवरून गावाचे पाणी सांगू नये. पाणलोटाच्या वरच्या, मधल्या आणि खालच्या भागातून मिळून दहा-बारा विहिरी निवडाव्यात, आणि विहीर खोदताना कोणत्या खोलीला काय लागले हे मालकाला किंवा खोदणाऱ्यांना विचारून लिहून घ्यावे. ही तोंडी माहिती अनेकदा नकाशापेक्षा अधिक बारीक असते. विहिरीत आडवे बोअर मारले असतील तर तीही नोंद हवी, कारण त्या विहिरीचे पाणी शेजारच्या शिवारातूनही येत असू शकते. अकोला, अमरावती आणि बुलढाणा जिल्ह्यांतील पूर्णेच्या खारपाणपट्ट्यात नदीच्या गाळाची जमीन आणि खारे भूजल असल्याने तिथे ही मांडणी जशीच्या तशी लागू पडत नाही.

पाण्याची पातळी मोजण्यासाठी महागडे यंत्र लागत नाही. साध्या टेपच्या टोकाला लोखंडी वजन बांधावे, शेवटच्या मीटरभर भागाला खडू फासावा आणि टेप विहिरीत सोडावी. खडू जिथपर्यंत ओला झाला ती पाण्याची रेषा; कठड्यापासून या रेषेपर्यंतची टेपची लांबी म्हणजे पाण्याची खोली. मोजणी नेहमी कठड्यावरच्या एकाच ठिकाणावरून करावी, तिथे रंगाची खूण करावी आणि कठड्याची उंची वजा करावी. कठड्यापासून पाणी ७.४० मीटरवर असेल आणि कठडा ०.८० मीटर उंच असेल, तर जमिनीपासून पातळी ६.६० मीटर होते. गावात खोली अजूनही परसात, म्हणजे पुरुषभर उंचीच्या मापात, सांगितली जाते, पण परस हे माप गावागणिक थोडे बदलते, म्हणून वहीत मीटर लिहावे आणि बोलताना परस वापरावा.

माझ्या पहिल्या वर्षीची एक चूक इथे सांगण्याजोगी आहे. आधीच्या मोजणीपेक्षा पातळी तीन मीटर खाली गेल्याचे मी पाच-सहा जणांसमोर मोठ्या गांभीर्याने सांगितले, तेव्हा एका आजोबांनी शांतपणे विचारले, “मोटर चालू होती का रे?” मोटर चालू होती. उपसा चालू असताना किंवा नुकताच थांबला असताना घेतलेली नोंद विहिरीची स्थिर पातळी दाखवत नाही. तेव्हापासून मी पहाटे, वीज येण्यापूर्वी मोजतो आणि मोटर शेवटची कधी बंद झाली तेही वहीत लिहितो. ज्या गावात रात्रपाळीची वीज असते तिथे पहाटेचाही भरवसा नाही; तिथे मालकाला सांगून काही तासांची विश्रांती मागून घ्यावी.

आपल्या नोंदींना जोड म्हणून सरकारी माहिती मिळवावी. भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा राज्यभरातील निरीक्षण विहिरींची पातळी वर्षातून चार वेळा घेते आणि पावसाळ्यानंतरच्या पातळीची तुलना मागील पाच वर्षांच्या सरासरीशी करते. हीच शिस्त आपणही पाळावी: ऑक्टोबरची तुलना ऑक्टोबरशीच, मेची मेशीच. महसूल मंडळाचा रोजचा पाऊस कृषी विभागाकडे मिळतो, मात्र मंडळ मोठे असते आणि पाऊस शिवारागणिक बदलतो, त्यामुळे शाळेच्या मोकळ्या पटांगणात एक पर्जन्यमापक बसवून सकाळी साडेआठला नोंद घेण्याची सवय लावली तर फार चांगले. पिकाखालील क्षेत्रासाठी सातबाऱ्यावरील पीकपाहणी पाहावी, पण शिवारफेरी मारून ती पडताळावी; कागदावर हरभरा आणि रानात ऊस हे दृश्य दुर्मीळ नाही.

आता हिशेब. १ हेक्टरवर १ मिलिमीटर पाऊस म्हणजे १० घनमीटर, अर्थात १०,००० लिटर पाणी. उदाहरणापुरते असे गाव धरू, ज्याचे क्षेत्र ८०० हेक्टर, लोकसंख्या २,००० आणि पाऊस ४५० मिलिमीटर आहे. गावावर ३६ लाख घनमीटर पाणी पडले. बेसाल्टच्या प्रदेशात त्यातील साधारण ६ ते १४ टक्के पाणी जमिनीत मुरते असे धरतात, म्हणजे मुरलेले पाणी २ लाख १६ हजार ते ५ लाख ४ हजार घनमीटर. हा आकडा दुसऱ्या वाटेनेही तपासता येतो. मे ते ऑक्टोबर या काळात विहिरींची पातळी सरासरी २.२५ मीटर वर आली आणि खडकाची पाणी देण्याची क्षमता, म्हणजे आपल्या आकारमानाच्या जितके टक्के पाणी तो सोडतो ते प्रमाण, १ ते ३ टक्के मानली, तर क्षेत्र, पातळीतील वाढ आणि ही क्षमता यांच्या गुणाकाराने साठा १ लाख ८० हजार ते ५ लाख ४० हजार घनमीटरने वाढला. दोन स्वतंत्र पद्धतींची उत्तरे एकमेकांजवळ आली तर हिशेबावर विसंबता येते. ती फार लांब राहिली तर पाऊस, क्षेत्र किंवा पातळी यांपैकी काहीतरी चुकीचे मोजले गेले आहे असे समजून पुन्हा वहीकडे वळावे.

खर्चाची बाजू तितकीच स्पष्ट मांडावी. माणशी रोज ५५ लिटर धरल्यास गावाचे वर्षाचे पिण्याचे आणि घरगुती पाणी सुमारे ४०,००० घनमीटर होते. पाटाने भिजवलेल्या उसाला हेक्टरी २०,००० घनमीटर पाणी धरले आणि त्यातून पावसाचा वाटा वजा केला, तरी सुमारे १५,००० घनमीटर विहिरीतून उपसावे लागतात. म्हणजे साऱ्या गावाचे वर्षाचे घरगुती पाणी आणि साधारण साडेसहा एकर ऊस यांचा खर्च सारखाच. माझ्या अनुभवात सभेत सर्वांत जास्त वेळ चर्चा याच एका वाक्यावर होते, आणि नियोजन नेहमी मुरलेल्या पाण्याच्या वर दिलेल्या अंदाजातील कमी असलेला आकडा धरून करावे हे लोकांना इथेच पटते.

पाण्याच्या गुणवत्तेत शिरायचे असेल तर एककांबाबत सावध राहावे. पिण्याच्या पाण्यात नायट्रेटची मर्यादा लिटरला ४५ मिलिग्रॅम आहे, पण काही अहवालांत फक्त नायट्रोजनचे प्रमाण दिलेले असते आणि तेव्हा तीच मर्यादा सुमारे १० होते. ही गल्लत झाली तर चांगली विहीर दूषित ठरते किंवा दूषित विहीर चांगली. जंतूंच्या तपासणीचा नमुना निर्जंतुक बाटलीत, थंड ठेवून, २४ तासांच्या आत प्रयोगशाळेत पोहोचवावा.

सांगण्याची वेळ निवडताना २ ऑक्टोबरच्या ग्रामसभेचा विचार करावा. पाऊस संपत आलेला असतो, रब्बीचे निर्णय अजून हातात असतात. त्यासाठी सप्टेंबरअखेरची मोजणी घेऊन हिशेब तयार ठेवावा लागतो. आलेख काढताना खोलीचा आकडा वरून खाली वाढत जाईल असा काढावा, नाहीतर पाणी खाली जाताना रेषा वर चढते आणि लोक निर्धास्त होतात. घनमीटर सभेत बोलू नयेत, आणि वर्तमानपत्रातला टीएमसी (अब्ज घनफूट) तर मुळीच नको. त्याऐवजी मोटरचे तास सांगावेत. २०० लिटरचा पिंप ३० सेकंदांत भरत असेल तर ती मोटर तासाला २४,००० लिटर उपसते, आणि हरभऱ्याला ६० मिलिमीटर पाण्याची एक पाळी द्यायला हेक्टरी २५ तास लागतात. हे आकडे कोणीही आपल्या बांधावर तपासू शकतो, म्हणून त्यांवर विश्वास बसतो.

मोजलेले काय आणि धरलेले काय, हे वेगवेगळ्या रंगात लिहावे. विहिरींना क्रमांक द्यावेत, मालकांची नावे फलकावर लावू नयेत. एकदा का ‘तुझ्या उसामुळे माझी विहीर आटली’ हा वाद सुरू झाला की पाण्याचा हिशेब बाजूला राहतो. विहीर वापरू देणाऱ्या प्रत्येकाला त्याच्या विहिरीच्या नोंदी आधी दाखवाव्यात.

असे हिशेब निर्णयापर्यंत पोहोचल्याची उदाहरणे राज्यात आहेत. १९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी पुरंदर तालुक्यात पाणी पंचायत उभारली आणि पाण्याचा हक्क जमिनीवर न ठरवता कुटुंबातील माणसांवर ठरवला. ऊस त्यातून वगळला. अहिल्यानगर जिल्ह्यातील हिवरे बाजारने पोपटराव पवार यांच्या नेतृत्वाखाली दरवर्षी पाण्याचा ताळेबंद मांडून पिके ठरवण्याची प्रथा घातली. दोन्हीकडे आकड्यांच्या आधी आपसातले नियम मान्य झाले होते, ही गोष्ट अभ्यास करणाऱ्याने विसरू नये. नुसता तक्ता टांगून उपसा कमी होत नाही.

सभा संपल्यावर त्याच वहीत विचारले गेलेले प्रश्न लिहून ठेवावेत. ‘वरच्या बंधाऱ्याचे पाणी आमच्या विहिरीला लागते का?’ असे कोणी विचारले असेल, तर बंधाऱ्याच्या वरची एक आणि खालच्या दोन विहिरी जानेवारीच्या मोजणीत घालाव्यात आणि विचारणाऱ्यालाच टेप धरायला बोलवावे.