तारखांची सूत्रं: मोजायचं ते मूळ तारखेपासून

करारांच्या आणि हप्त्यांच्या तारखा सांभाळणं हे माझं रोजचं काम. एकही तारीख हाताने टाइप करायची नाही, हा माझा नियम. पहिली तारीख तेवढी लिहायची, बाकी सगळ्या शीटने, म्हणजे एक्सेलसारख्या स्प्रेडशीटने, काढायच्या. (सूत्रं इथे देवनागरीत दिली आहेत, शीटमध्ये ती इंग्रजी अक्षरांत आणि इंग्रजी अंकांत लिहा.)

शीटच्या लेखी तारीख म्हणजे एक साधा आकडा असतो. १ जानेवारी २०२५ म्हणजे ४५६५८. म्हणून तारखेत ३० मिळवले की ३० दिवसांनंतरची तारीख येते आणि दोन तारखांची वजाबाकी केली की मधले दिवस मिळतात. उत्तराच्या जागी असा पाच आकडी अंक दिसला तर घाबरू नका, त्या सेलचं फॉरमॅट बदलून तारीख करा.

पण आधी एक तपासणी कराच. दुसरीकडून आणून चिकटवलेल्या तारखा पुष्कळदा नुसता मजकूर असतात. ए२ मध्ये खरोखर आकडा आहे का, ते असं विचारा:

=इझनंबर(ए२)

उत्तर फॉल्स आलं तर पुढचं कुठलंही सूत्र भरवशाचं नाही. ट्रू आलं तरी ०३/०४ म्हणजे ३ एप्रिल की ४ मार्च, हे महिन्याचं नाव दिसेल असं फॉरमॅट लावून डोळ्यांनी बघा.

आता दरमहाच्या तारखा. ए२ मध्ये ३१ जानेवारी २०२५ आहे असं धरा. पुष्कळ जण ए३ मध्ये =ईडेट(ए२,१), म्हणजे ए२ नंतर एक महिना, असं लिहितात आणि खाली ओढतात. फेब्रुवारीत ३१ तारीख नाही, म्हणून २८ फेब्रुवारी येते. इथवर ठीक. पण पुढची ओळ त्या २८ वरून मोजते, मग २८ मार्च, २८ एप्रिल... एकदा घसरलेली तारीख पुन्हा ३१ वर चढत नाही, आणि शीट चूकही दाखवत नाही. त्यासाठी बी स्तंभात बी३ पासून खाली १, २, ३ असे क्रमांक लिहा आणि प्रत्येक ओळ मूळ तारखेलाच बांधा ($ मुळे सूत्र खाली ओढलं तरी ए२ बदलत नाही):

=ईडेट($ए$२,बी३)

आता २८ फेब्रुवारी, ३१ मार्च, ३० एप्रिल असं बरोबर येतं. मात्र सुरुवातच ३० एप्रिलची असेल तर ईडेट मे महिन्यात ३० च देईल. महिन्याची अखेरच हवी असेल तर =ईओमंथ($ए$२,बी३) वापरा.

माझं सगळ्यात आवडतं सूत्र म्हणजे महिन्यातला तिसरा गुरुवार काढणारं. सी२ मध्ये वर्ष आणि डी२ मध्ये महिना:

=डेट(सी२,डी२,२२)-वीकडे(डेट(सी२,डी२,३))

तिसरा गुरुवार कायम १५ ते २१ च्या दरम्यानच पडतो, म्हणजे २२ तारखेपासून १ ते ७ दिवस मागे. किती मागे ते वीकडे सांगतं, कारण त्याचं उत्तरही रविवार १ ते शनिवार ७ असंच येतं. आतला ३ कुठून आला? गुरुवारचा क्रमांक ५, आणि ८ वजा ५ म्हणजे ३. जानेवारी २०२६ घ्या: ३ तारखेला शनिवार, म्हणून ७, २२ वजा ७ म्हणजे १५ जानेवारी, गुरुवार. वेगळा वार हवा असेल तर ८ मधून त्याचा क्रमांक वजा करा आणि ते उत्तर ३ च्या जागी लिहा. तिसऱ्याऐवजी महिन्यातला पहिला गुरुवार हवा असेल तर २२ ऐवजी ८, दुसऱ्यासाठी १५.

कामाच्या दिवसांसाठी दोन सूत्रं आहेत आणि त्यांची मोजायची रीत वेगळी आहे. नेटवर्कडेज दोन तारखांमधले कामाचे दिवस मोजतं आणि दोन्ही टोकं धरतं: सोमवार ते त्याच आठवड्यातला शुक्रवार म्हणजे ५. वर्कडे तितक्या कामाच्या दिवसांनंतरची तारीख देतं, पण सुरुवातीचा दिवस धरत नाही: सोमवारपासून ५ कामाचे दिवस म्हणजे पुढचा सोमवार. मुदत ठरवताना सुरुवातीचा दिवस धरायचा असेल तर एक दिवस कमी लिहा:

=वर्कडे(ए२,४,$जी$२:$जी$२०)

जी स्तंभात सुट्ट्यांची यादी. शनिवार-रविवार आपोआप वगळले जातात, बाकीच्या सुट्ट्या मात्र तुम्हीच तिथे लिहायच्या, आणि मुदत पुढच्या वर्षात जात असेल तर त्या वर्षाच्याही.