कोंबडी आजारी आहे की नुसती खुडूक?

नाशिकजवळ मखमलाबादकडे आमच्या घरामागे गावठी आणि गिरिराज कोंबड्या आहेत, त्यामुळे नव्याने पाळणारे मला हमखास विचारतात, "एक कोपऱ्यात फुगून बसलीय, खात नाही, कोणतं औषध देऊ?" मी म्हणतो, आधी हात पुढे करून बघा. खुडूक, म्हणजे अंडी उबवायला बसलेली, कोंबडी पिसं फुलवून कुरकुरते, चोच मारते. आजारी कोंबडी मुकाट उचलू देते. ती तशी उचलू देत असेल तर आधी वेगळ्या डालग्यात ठेवा, औषधाचं मग बघू.

रोज सकाळी खुराडं उघडताना दोन गोष्टी पाहायच्या. पहिली, छातीजवळची अन्नाची पिशवी. रात्री ती भरलेली आणि सकाळी रिकामी असायला हवी. सकाळीही दगडासारखी टणक लागली तर लांब गवत किंवा दोरा अडकलेला असतो. थोडं पाणी पाजून हलक्या हाताने चोळा, दिवसभरात फरक पडला नाही तर दवाखाना. उलटं धरून पिळू नका, पाणी श्वासनलिकेत जाऊन पक्षी जागीच मरतो. दुसरी गोष्ट विष्ठा. मधूनच पडणारी तपकिरी, चिकट, घाण वासाची शिट नेहमीचीच, तिला घाबरू नका. रक्त दिसलं तर मात्र रक्ती हगवण समजा. पिल्लांना ती खुराड्यात अंथरलेल्या ओल्या तुसामुळे होते, म्हणून इगतपुरी-त्र्यंबककडच्या पावसात तूस वरचेवर बदलावं लागतं. तिच्यावर पाण्यातून द्यायचं अँप्रोलियम चालतं, मात्रा डॉक्टरांकडून घ्या.

जखमा बहुतेक घरीच बऱ्या होतात. एक लिटर पाणी उकळून गार करायचं, त्यात ९ ग्रॅम मीठ घालून जखम धुवायची आणि पोव्हिडोन आयोडीन लावायचं. जखमी पक्षी लगेच कळपात सोडायचा नाही, लाल रंग दिसला की बाकीच्या तिथेच टोचत राहतात. उन्हाळ्यात आणि पावसाळ्यात माश्यांची अंडी पडून जखमेत अळ्या होतात, म्हणून पिसं बाजूला करून खालची कातडी बघा. मुंगसाचा चावा वरून बारीक दिसतो पण आत खोल गेलेला असतो, तो डॉक्टरांना दाखवाच. तळपायाला काळी खपली आणि सूज असेल तर बसायची दांडी खाली आणा. उंचावरून कडक जमिनीवर उड्या मारून हे होतं.

तुऱ्यावर खरबरीत पुळ्या म्हणजे देवी. ती डासांमुळे पसरते. पुळ्या ओरबाडू नका, तीन-चार आठवड्यांत सुकतात. तोंडात पांढरा थर दिसला, खाणं सुटलं, तर पक्षी वाचवणं अवघड.

मानमोडीचं, म्हणजे राणीखेतचं, तसं नाही. हिरवट हगवण, उघड्या चोचीने श्वास, मग मान पिळवटणं. हा विषाणू आहे, अँटिबायोटिकने तो मरत नाही, आणि लोक नेमकं तेच आणून ओततात. लस हाच उपाय. लासोटा नावाची लस पहिल्या आठवड्यात डोळ्यात किंवा नाकात थेंब टाकून, पुढे चौथ्या आठवड्याच्या सुमारास पुन्हा. अडचण अशी की कुपी शंभर किंवा जास्त पक्ष्यांची येते आणि कालवली की दोन तासांत वापरावी लागते. म्हणून वस्तीतल्या चार-पाच घरांनी मिळून एकच दिवस ठरवायचा आणि कुपी बर्फाच्या थर्मासमधून आणायची. पाण्यातून लस देणार असाल तर नळाचं क्लोरीनचं पाणी नको, लस मरते.

द्राक्षबागेला लागून राहणाऱ्यांनी फवारणीच्या दिवसांत कोंबड्या कोंडून ठेवाव्यात, तिथे लाळ गाळत, थरथरत पडलेला पक्षी रोगी नसतो, विषबाधा झालेला असतो.

आणि दोन-तीन पक्षी एकाएकी पाठोपाठ मेले तर फाडून बघू नका, खाऊ नका, पशुवैद्यकीय दवाखान्याला कळवा. २००६ साली देशातला पहिला बर्ड फ्लू आपल्याच विभागातल्या नवापूरला सापडला होता.