मताआधी घराबद्दल विचारा

लंडनमध्ये पत्रकारितेचं पदव्युत्तर शिक्षण घेताना मी प्रबंधासाठी पूर्व लंडनमधला बार्किंग-डॅगनम हा भाग घेतला. ही कामगारांची वस्ती, पिढ्यानपिढ्या मजूर पक्षाला मत देणारी. तरीही २००६ मध्ये तिथे ब्रिटिश नॅशनल पार्टी या अतिउजव्या पक्षाचे ५१ पैकी १२ नगरसेवक निवडून आले. असं का झालं, हे मला समजून घ्यायचं होतं. आता अशाच विषयावर काम करू पाहणारे विद्यार्थी विचारतात, सुरुवात कुठून करावी?

सुरुवातीला मी थेट विचारायचो, ‘त्या पक्षाला मत का दिलंत?’ त्यातून जवळजवळ काहीच हाती लागलं नाही. काही जण म्हणायचे, मी नव्हतं दिलं. काही जण वर्तमानपत्रातली वाक्यं म्हणून दाखवायचे. समोर बसलेला मुलाखतकार भारतीय, त्यामुळे काहींच्या बोलण्यात जरा जास्तच सौजन्य असायचं. मग फोर्डमधून निवृत्त झालेल्या एका गृहस्थांना मी सहज विचारलं, ‘या घरात कधी राहायला आलात?’ ते दीड तास बोलत होते.

त्या दीड तासात मला माझा विषय सापडला. पहिल्या महायुद्धानंतर लंडन काउंटी कौन्सिलनं बेकनट्री ही कामगारांसाठी भाड्याच्या घरांची प्रचंड वसाहत उभारली. १९३१ मध्ये फोर्डचा कारखाना सुरू झाला. घर आणि नोकरी दोन्ही चालत जाण्याच्या अंतरावर. १९८० च्या कायद्यानं भाडेकरूंना कौन्सिलचं, म्हणजे तिथल्या पालिकेचं, घर सवलतीत विकत घेण्याचा हक्क दिला आणि पुष्कळांनी तो वापरला. विकलेल्या घरांच्या जागी तेवढी नवी घरं मात्र बांधली गेली नाहीत. २००२ मध्ये डॅगनमला मोटारींची जुळणीही थांबली, मुख्यतः इंजिनांचं काम उरलं. मुलं मोठी झाली तेव्हा कौन्सिलच्या घरासाठीची प्रतीक्षायादी लांबलेली होती, आणि घर देताना किती वर्षं थांबलात यापेक्षा गरज किती, याला वजन होतं.

याच काळात शेजारी नवी कुटुंबं आली, त्यांतली कित्येक आफ्रिकी. कौन्सिल आफ्रिकी लोकांना इथे घर घ्यायला ५० हजार पौंड देते, अशी अफवा होती आणि त्या पक्षाच्या प्रचारात तिला जागा मिळाली. ते खोटं होतं.

अफवा खोटी आहे एवढं लिहून थांबू नका, ती खरी का वाटली हे शोधा. तिथल्या जमीन नोंदणी कार्यालयात थोडं शुल्क भरलं की कुठल्याही घराची मालकी कुणालाही पाहता येते. त्या गृहस्थांच्या शेजारचं घर मी तपासलं. ‘कौन्सिलनं त्यांना दिलं’ असं ते ज्याबद्दल म्हणत होते, ते कौन्सिलनं कधीच विकून टाकलेलं होतं. आता ते एका खासगी मालकाचं होतं आणि नवं कुटुंब त्याला भाडं भरत होतं. बाहेरून मात्र ते अजून कौन्सिलचंच दिसे.

ऐकून घेणं म्हणजे मान्य करणं नव्हे. काही मुलाखतींत निखळ वर्णद्वेष होता. तो घरटंचाईच्या माथी मारणं मला अप्रामाणिक वाटलं, म्हणून तो मी होता तसाच लिहिला. ‘कामगार’ म्हटल्यावर फक्त गोरा माणूस डोळ्यांपुढे आणू नका. रात्रपाळीत रुग्णांची काळजी घेणारी नायजेरियन वंशाची शेजारीणही कामगारच आहे. माझ्या पहिल्या मसुद्यात ती नव्हती, हे मार्गदर्शकांनी दाखवून दिलं आणि मला खरंच लाज वाटली.

मुलाखतींआधी विद्यापीठाच्या नीतिसमितीची परवानगी लागते. तिला आठवडे जातात, म्हणून अर्ज लवकर करा. तोवर डॅगनमच्या व्हॅलेन्स हाऊसमधल्या अभिलेखागारात जाऊन बसा. आणि २०१० चा निकाल विसरू नका. ब्रिटिश संसदेच्या निवडणुकीबरोबरच झालेल्या त्या स्थानिक निवडणुकीत मतदान वाढलं आणि त्या पक्षाच्या बाराही जागा गेल्या. पक्षनेते निक ग्रिफिन बार्किंगमधून संसदेसाठी उभे होते, ते तिसरे आले. २००६ वर थांबणारा अभ्यास या वस्तीवर अन्याय करतो.

मालकीचा कागद घेऊन मी त्या गृहस्थांकडे परत गेलो. त्यांनी चष्मा लावून तो दोनदा वाचला. मग म्हणाले, ‘बरं, त्यांना नाही दिलं. पण माझ्या मुलीला का नाही मिळालं?’ प्रबंधाचं शेवटचं प्रकरण मी त्या प्रश्नापासून पुन्हा लिहायला घेतलं.