घातक धंद्याच्या परवान्यावर रिट करायची, तर आधी काय वाचायचं

ज्वलनशील मालासारख्या घातक धंद्याचा महापालिकेचा परवाना रद्द झाला किंवा गोदामाला सील लागलं की पक्षकाराला उद्याच स्थगिती हवी असते. तरी राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालच्या, म्हणजे उच्च न्यायालयातल्या रिट याचिकेचा मसुदा लगेच सुरू करू नका. मूळ परवाना, नूतनीकरणाच्या पावत्या, कारणे दाखवा नोटीस, तिला दिलेलं उत्तर, पंचनामा आणि शेवटचा आदेश तारखेप्रमाणे लावा. यातला एक जरी कागद गायब असेल, तर तो मिळेपर्यंत पक्षकाराच्या तोंडी हकिकतीवर विसंबू नका.

मग कायदा. अशा धंद्याच्या परवान्याला मुंबईत १८८८ च्या मुंबई महानगरपालिका अधिनियमाचं कलम ३९४ लागतं, तर पुणे-ठाण्यासारख्या महापालिकांना १९४९ च्या महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाचं ३७६. परवाना निलंबित किंवा रद्द करण्याचा अधिकार अनुक्रमे ४७९ आणि ३८६ मध्ये आहे. मुंबईची जुनी याचिका समोर ठेवून ठाण्याची लिहिली की कलमं हमखास चुकतात. फटाके आणि पेट्रोलियमला केंद्रीय कायद्याखालचा परवाना वेगळा लागतो. तो हातात असला म्हणून महापालिकेचा लागत नाही, असं होत नाही.

सगळ्यात जास्त वेळ पंचनाम्याला द्या. समजा, थिनरच्या साठ्याला परवाना २०० लिटरचा आहे आणि पंचनाम्यात नुसतं ‘मोठ्या प्रमाणात ड्रम आढळले’ असं लिहिलंय. ड्रम किती, भरलेले की रिकामे, मोजले कुणी, पंच कोण, प्रत दिली का? अटीचा भंग ठरवणारा आकडाच नसेल तर तोच तुमचा पहिला मुद्दा. महापालिका तो आकडा नंतर प्रतिज्ञापत्रात घालू पाहते. तिथे सर्वोच्च न्यायालयाचा मोहिंदर सिंग गिल (१९७८) हा निकाल दाखवा: आदेश त्यात दिलेल्या कारणांवरच तपासायचा, कारणं मागाहून जोडता येत नाहीत.

मात्र साठा खरंच जास्त असेल तर नैसर्गिक न्यायाच्या, म्हणजे बाजू मांडायची नीट संधी दिली नाही या मुद्द्यावर सगळा भार टाकू नका. डिसेंबर २०१७ मध्ये मुंबईतल्या कमला मिलच्या आगीत १४ जण गेले. शेजारी माणसं राहतात हे न्यायालय विसरत नाही आणि आपणही विसरू नये. जादा माल पंचनामा करून हलवू, अग्निशमन दलाची तपासणी करून घेऊ, अशी लेखी हमी याचिकेतच द्या.

मागणीत ‘परवाना द्या’ असं सरसकट लिहिणं ही नवख्यांची नेहमीची चूक. अर्ज पडून असेल तर ‘ठरावीक मुदतीत, सुनावणी देऊन निर्णय घ्या’ एवढंच मागा. अपिलाची तरतूद असेल तर तिथे का गेलो नाही, हे वेगळ्या परिच्छेदात सांगा. अपील असूनही रिट कधी चालते, याचे सर्वोच्च न्यायालयाच्या व्हर्लपूल (१९९८) निकालातले अपवाद तिथे कामाला येतात.

शेजाऱ्याकडून उभे असाल तर आधी आयुक्तांकडे लेखी तक्रार करून पोच घ्या. तशी मागणी केलेली नसेल तर परमादेश, म्हणजे अधिकाऱ्याला त्याचं कर्तव्य करायला लावणारा आदेश, मिळणं कठीण. आणि धंदेवाल्याला प्रतिवादी करा. तो पक्षकार नसताना त्याचं दुकान बंद करणारा आदेश सहसा मिळत नाही, आणि मिळालाच तर धंदेवाला तो मागे घ्यायला लावतो.