सायकल अपघाताचा कोड चटकन कसा शोधावा

आयसीडी-१०-सीएममध्ये (आजार-दुखापतींना कोड देण्याची अमेरिकेतली यादी) सायकलस्वाराच्या अपघाताचे कोड व्ही१० ते व्ही१९ मध्ये येतात. यादी वरपासून चाळण्यात वेळ जातो, म्हणून डॉक्टरांच्या नोंदीतून आधी एवढं काढून घ्या:

१. धडक कशाशी? कार असेल तर व्ही१३, धडक न होता नुसता पडला तर व्ही१८.
२. चालवत होता की मागे बसला होता? रस्त्यावर की आवारात?
३. सायकल इलेक्ट्रिक होती का? हे हमखास राहतं. ऑक्टोबर २०२२ पासून त्यासाठी वेगळे कोड आहेत. साधी सायकल, चालक, रस्त्यावर कारची धडक, पहिले उपचार म्हणजे व्ही१३.४एक्सएक्सए. जुन्या पाठ केलेल्या यादीवर विसंबू नका.

अपघाताचा हा कोड कधीच पहिला लावायचा नाही, आधी दुखापतीचा.